नाव पुकारलं आणि कोणीच उठलं नाही

माझ्या आईचा पगार वडिलांच्या हातात पडायचा. त्यात कोणाला काही वावगं वाटत नसे. आईलाही नाही.

जळगावात एका डाळ मिलच्या मागे पत्र्याच्या खोल्यांची ओळ होती, त्यातली शेवटची खोली आमची. वडील मिलमध्ये हमाल आणि आई त्याच मिलमध्ये डाळ निवडायला. तुरीची डाळ यंत्रातून बाहेर पडली की तिच्यातले खडे आणि काळे दाणे वेचायला बाया ओळीनं बसत. संध्याकाळी आई घरी यायची तेव्हा तिच्या भुवयासुद्धा पिवळ्या झालेल्या असत. आम्ही तिघी बहिणी. मिलमधून डाळीचा बारीक चुरा स्वस्तात मिळे. आठवड्यातले पाच दिवस त्याचंच पातळ वरण, आणि भाजी बाजार उठायच्या वेळेला, उरलेली.

मिलच्या हजेरीपुस्तकात हमालांची नावं होती, बायांची नव्हती. आईच्या जागी वडिलांचं नाव आणि त्यापुढे 'बाई' एवढंच. शनिवारी मुनीम नाव पुकारी, वडील उठून आपला पगार घेत. थोड्या वेळानं पुन्हा तेच नाव, पुढे 'बाई', आणि पुन्हा वडीलच उठत.

मी पाचवीत असताना ट्रक भरताना फळी सरकली आणि पोत्यासकट वडील खाली आले. कंबर कामातून गेली. पाच महिने खाटेवर होते. कमावणारी आता एकटी आई. पहिल्या शनिवारी ती स्वतः पगाराला उभी राहिली. मुनीम म्हणाला, "मालकाला पाठव."

"त्या खाटवर शेतस. त्यासले उठाई नही राहिनं."

"मग सही कोण करणार? पुस्तकात नाव त्याचं आहे."

मुनीम दुष्ट नव्हता. त्याच्या पुस्तकात जे होतं ते तो बोलला. पुढच्या शनिवारी आईनं शेजारच्या केळीवाल्याची हातगाडी मागून आणली, तिच्यावर गोधडी अंथरली आणि वडिलांना निजवलं. आई पुढून ओढायची, मी मागून ढकलायची. मिलच्या फाटकाशी मुनीम पुस्तक घेऊन बाहेर येई, वडील पडल्या पडल्या सही करत. आईची मजुरी आईसमोर वडिलांच्या हातात पडे आणि वडील तिथल्या तिथे ती आईला देत. असे पाच महिने. एकदा येताना वडील म्हणाले, "मी जनमभर वझं उचलं. आते मीच वझं व्हई गऊ." आई म्हणाली, "बोलू नका, गाडी हालस."

कोणी हळहळावं म्हणून हे लिहीत नाही. त्या काळी खूप जणांचं असंच होतं. पण पुढे मी जो हट्ट धरला तो कुठून आला, असं लोक विचारतात. म्हणून सांगितलं.

वडील उठले, पण पोतं उचलण्याजोगे राहिले नाहीत. एका सोन्याच्या पेढीवर दाराशी स्टूल टाकून बसायचं काम त्यांना मिळालं. मी बारावी झाले तेव्हा मिलमध्ये माझ्यासाठी जागा झाली होती. मी तिथे बसायच्या आधीच आईनं माझी पिशवी भरली आणि मला धुळ्याला मामाकडे पाठवलं. मामा तिथे देवपूरला राहायचा, कॉलेज चालत जायच्या अंतरावर. मी बी.कॉम. झाले. आमच्या दोन्ही घराण्यांत, मुलगा-मुलगी धरून, पहिली पदवीधर मी. याचा मला अभिमान आहे आणि तो मी लपवत नाही. निकाल घेऊन जळगावला गेले तेव्हा आईनं कागद उलटा-सुलटा करून पाहिला आणि एकच विचारलं, "तुनंच नाव शे ना? नक्की?"

नक्की माझंच होतं. पण फार दिवस टिकलं नाही. माझं लग्न शिंदखेडा तालुक्यातल्या एका गावात झालं. नवरा हायस्कुलात शिक्षक. लग्नात तांदळाच्या ताटात अंगठीनं माझं नवं नाव लिहिलं गेलं. ते रेशनकार्डावर चढलं. पदवीवर जुनं राहिलं. आणि गावात दोन्ही नावं कोणी घेईना. आमच्याकडे सुनेला तिच्या माहेरच्या गावावरून ओळखतात. सोनगीरची ती सोनगीरवाली, नरडाण्याची ती नरडाण्यावाली. मी जळगाववाली. आमच्या बोलीत 'ळ'चा 'य' होतो, म्हणून जयगाववाली. माझी सासू सत्तरीची आहे, तिला अजून बेटावदवाली म्हणतात. बेटावद सोडून तिला पन्नास वर्षं झालीत.

या सगळ्यात मला गंमत वाटायची. त्यात काही अडचण आहे हे कळलं नाही. निवडणुकीत कळायला हवं होतं.

जिल्हा परिषदेचा आमचा गट महिलांसाठी राखीव झाला, तेव्हा पक्षाचे तालुक्यातले पुढारी आमच्या ओट्यावर येऊन बसले. सगळे त्यांना नाना म्हणत, मीही नानाच म्हणायचे. ते माझ्या नवऱ्याला म्हणाले, "सर, मिसेसचं नाव देतोय. काम तुम्हालाच बघायचं आहे."

"मला शाळा आहे नाना. तिलाच विचारा."

मी चहा घेऊन बाहेर आले. म्हटलं, "नाना, नाव माझं असेल तर कामही माझंच."

नाना हसले. त्यांना ते बोलणं चहाबरोबर आलेलं वाटलं असावं.

प्रचाराला निघाले तर प्रत्येक घरात तोच प्रश्न. पत्रकावरचं नाव वाचून बाया विचारायच्या, "ही कोन बाई शे वं? आमले त जयगाववालीले मत देनं शे!" शेवटी पत्रकं पुन्हा छापली आणि नावाखाली मोठ्या अक्षरांत 'उर्फ जळगाववाली' टाकलं. मी निवडून आले. नवऱ्याला लोक मेंबरसाहेब म्हणू लागले, मला मेंबरसाहेबांच्या मिसेस. धुळ्याला सभेला गेले की शिपाई आधी माझ्या मागे बघायचा, साहेब कुठे आहेत म्हणून. पहिलं वर्षभर मी प्रत्येक सभेत एक तरी प्रश्न विचारायचाच असं ठरवलं होतं. प्रश्न फालतू असला तरी चालेल, आवाज ओळखीचा झाला पाहिजे. तो झाला.

मेंबर झाले म्हणून बाया कामं घेऊन येऊ लागल्या. त्यात सोनगीरवाली होती. तिची पिठाची गिरणी. नवरा सुरतला कापडाच्या कारखान्यात, वर्षातून दोनदा यायचा. गिरणीची मोटर जळली, नवीन घ्यायला कर्ज हवं होतं आणि जिथे जाई तिथे नवऱ्याची सही मागत. ती माझ्यासमोर मांडी घालून बसली आणि म्हणाली, "ताई, गिरणी मनी, दळनं मी दळस, पीठ मना नाकमा जास. मंग सही त्यासनी काबरं?"

मी उत्तर शोधत बसले नाही. मी कॉमर्स शिकले होते आणि पतसंस्था कशी उभी राहते ते मला माहीत होतं. माणसं सभासद होतात, थोडे थोडे पैसे घालतात, त्यातूनच एकमेकांना कर्ज देतात, आणि सहकार खातं नोंदणी करून वरून लक्ष ठेवतं. मी ठरवलं की आपण फक्त बायांची पतसंस्था काढायची. सभासद बाया, संचालक बाया, आणि कर्जाला नवऱ्याची सही नाही.

आजूबाजूच्या गावांतून बाया जमल्या. सहकार खात्याच्या कार्यालयात जाऊन काय काय लागतं ते विचारून आले. प्रत्येक सभासदाचा अर्ज, ओळखीचा पुरावा, मग एक साहेब येऊन सभासद खरे आहेत का ते पाहणार. त्यासाठी ठरावीक मुदत. मुदत गेली की सगळं पहिल्यापासून.

आता माझी चूक सांगते. मोठी चूक आहे आणि ती माझीच आहे.

अर्ज भरायचे होते. बायांना एकेक विचारत बसलं असतं तर महिना गेला असता. मी मतदारयादी पुढ्यात घेतली आणि दोन रविवारी सगळे अर्ज स्वतः भरून काढले. माझं अक्षर चांगलं आहे. नाव, नवऱ्याचं नाव, आडनाव, वय, सगळं यादीतून उतरवलं. बाया आल्या, मी बोट ठेवलं तिथे कोणी सही केली, कोणी अंगठा. "ताईनं लिखं शे ना, बस." मला बरं वाटलं. गठ्ठा बांधून धुळ्याला देऊन आले. सहकार खात्यातला कारकून म्हणाला, "ताई, इतकं स्वच्छ काम आमच्याकडे येत नाही." मी ते घरी येऊन दोनदा सांगितलं.

पडताळणीच्या दिवशी ग्रामपंचायतीच्या हॉलमध्ये बाया चांगल्या साड्या नेसून आल्या होत्या. हॉल भरला. साहेब आले. मध्यम वयाचे, सावकाश बोलणारे. त्यांनी यादी काढली आणि पहिलं नाव पुकारलं.

कोणीच उठलं नाही.

पुन्हा पुकारलं. बाया एकमेकींकडे बघायला लागल्या.

"कोन शे वं ती?"

"आपला गावनी नही दिखत."

"उनी नही व्हई. फोन करा तिले."

ती पहिल्याच रांगेत बसली होती. नरडाण्यावाली. तीही इतरांबरोबर मान वळवून मागे बघत होती, कोण उठतं ते. मीच तिच्याजवळ जाऊन म्हटलं, "अगं, तूच ना ही?" ती म्हणाली, "ते नाव त लगनमा ठेयेल व्हतं. तव्हयपाईन कोनी हाकच मारी नही."

दुसरं नाव, तिसरं नाव, तसंच. चौथीला नाव ओळखू आलं, ती उठली. साहेबांनी विचारलं, "मधलं नाव? पतीचं?" तिनं पदर तोंडात धरला. मागून खसखस पिकली.

"सांगा ना बाई."

"त्यासनं नाव मी कसं लेवू साहेब? आयजलोंग लिधं नही."

"मग मला कसं कळणार तुम्ही त्याच आहात?"

"हाई काय बोलनं! बठ्ठा गाव वळखस माले."

एकीच्या अर्जावर तर तिच्या जावेचं नाव निघालं. मतदारयादीत दिरानं नावं दिली होती, त्याच्याकडून दोघींच्या नावांची अदलाबदल झाली असावी. आणि ती आठ वर्षं त्याच नावानं मतदान करत होती.

साहेबांनी अर्ध्या तासानं यादी मिटली. मला बाजूला घेऊन म्हणाले, "ताई, बाया खऱ्या आहेत, मला दिसतंय. माझ्या आईनंही माझ्या वडिलांचं नाव कधी घेतलं नाही. पण मी कागदावर काय लिहू? तुमची यादी आणि या बाया जुळत नाहीत." त्यांनी लिहिलं: सभासदांची ओळख पटली नाही. मुदत संपेपर्यंत पुन्हा एकदा येईन, म्हणाले.

चार दिवसांत ही बातमी तालुक्यात 'बोगस बाया' या नावानं फिरली. जिल्हा परिषदेच्या सभेत समोरच्या बाकावरून एक जण म्हणाला, "ताई, सभासद छापखान्यातून आणले का?" माझ्या बाजूचेही हसले. मी म्हटलं, "छापखान्यातून आणले असते तर नावं बरोबर असती." हसू आलं सगळ्यांना, पण संध्याकाळी बसमध्ये माझे कान तापलेले होते. पदवीधर बाई मी. सगळं स्वच्छ अक्षरात लिहिलं, फक्त जिचं नाव तिला विचारलं नाही.

त्याच आठवड्यात नाना घरी आले. ओट्यावर बसून त्यांनी तोडगा सांगितला. "नवऱ्यांना सभासद करून टाका. त्यांना आपलं नाव सांगता येतं. एका दिवसात काम होईल. अध्यक्ष तुम्हीच राहा, पाटी महिलांची लावा. बाया काय, नवऱ्यामागे आहेतच."

"आणि कर्जाला सही कोणाची?"

"सभासदाची. म्हणजे नवऱ्याची. त्यात काय बिघडलं ताई? पैसा घरातच येतोय ना?"

मी म्हटलं, "नाना, त्या रस्त्यानं मी एकदा हातगाडी ढकलत गेलेय. पुन्हा नाही जायचं." त्यांना काही कळलं नाही, आणि मी समजावून सांगितलंही नाही. उठताना ते म्हणाले, "पुढच्या वर्षी तिकिटाचा विचार होईल तेव्हा लोक हेही विचारतील की ताई ऐकतात का." मी म्हटलं, "ऐकते. आत्ता बायांचं ऐकायचं राहिलं होतं, तेवढं करून घेते."

मुदत संपायला दीड महिना होता.

कोरे अर्ज घेऊन मी घरोघर निघाले. या वेळी यादी घरी ठेवली. शाळा सुटल्यावर नवरा मोटारसायकलवर पुढच्या गावाला सोडायचा. चुलीपाशी, कपाशीच्या शेतात, नळाच्या रांगेत, बाई जिथे असेल तिथे बसायचं आणि विचारायचं, "तुझं नाव काय?" या एवढ्या प्रश्नाला जी उत्तरं मिळाली ती मी विसरणार नाही. एक म्हणाली, "कोनतं? माहेरनं का आठलं?" एक नवऱ्याला हाक मारून विचारायला निघाली, तर नवराच म्हणाला, "थांबा ताई, रेशनकार्ड पाहून सांगतो, मला पण आठवत नाही." एका म्हातारीनं आपलं माहेरचं नाव सांगितलं आणि मग स्वतःच ते दोन-तीनदा हळू म्हणून पाहिलं.

मी एक नियम केला. कोणतं नाव लावायचं ते बाईनं ठरवायचं. माहेरचं का सासरचं, ती सांगेल ते. मग पुराव्याचा कागद त्या नावाचा करून आणायची जबाबदारी माझी. तहसील कार्यालयात माझ्या इतक्या फेऱ्या झाल्या की तिथला चहावाला पैसे घेईना. काही घरांत भांडणंही झाली. माहेरचं नाव लावलं म्हणून एका सासऱ्यानं सुनेला येऊ दिलं नाही. अशा पाच बाया गळाल्या. त्यांची नावं मला पाठ आहेत, पण या लिखाणात मी कोणाचंच नाव घेतलेलं नाही, त्यांचंही घेत नाही. ज्याचं त्यानं घ्यावं.

मग नवऱ्याच्या नावाचा प्रश्न. पतसंस्थेच्या कागदावर ते लागतच होतं. एक तरुण सून म्हणाली, "ताई, उखाण्यात घेतोच की आम्ही. साहेबांपुढे उखाणा घेऊ!" सगळ्यांना पसंत. एक दिवस ग्रामपंचायतीच्या हॉलमध्ये सराव केला. चांदीची वाटी, रुप्याचा गडू, द्राक्षाचा वेल, असं चालू झालं. हशा, टाळ्या. पहिल्या दहा जणींतच पाऊण तास गेला. आणि नाव आलं की प्रत्येकीचा आवाज खाली जायचा, ते नेमकं ऐकूच येत नव्हतं. मी थांबवलं. म्हटलं, "हे हळदीकुंकू नाही. साहेब विचारतील, आपण सांगायचं. सरळ. जसं भाव विचारला की सांगतो तसं."

सभासद होणाऱ्यांत माझी सासूही होती. ती कोपऱ्यातून म्हणाली, "जयगाववाली, तू लेस का तुना नवरानं नाव? मी त कधी आयकं नही."

खरंच होतं. लग्नाला पंधरा वर्षं झाली होती. मी त्याला घरात 'अहो', लोकांत 'सर', आणि सासूपुढे बोलताना 'हे' म्हणायचे. जिल्हा परिषदेच्या प्रत्येक कागदावर त्याचं नाव माझ्या नावाच्या मधोमध लिहिलेलं, आणि तोंडानं एकदाही घेतलेलं नाही. सासूसमोर तर नाहीच.

मी उभी राहिले आणि माझं पूर्ण नाव सांगितलं. माझं, त्याचं, आडनाव. आवाज थोडा चिरका निघाला. सासू म्हणाली, "आयकाले काही वंगाळ नही वाटनं."

तिथून सुरुवात झाली. रोज दुपारी बाया आपापल्या गावात दोन-दोन, चार-चार जमून नाव सांगायचा सराव करू लागल्या. बाजारात भेटल्या तरी, "सांग बरं पुरं नाव!" रस्त्यात माणसं थट्टा करायची. "आज कोणाचा नंबर लागला?" नरडाण्यावालीनं एकाला ऐकवलं, "तुना लागी. तुनी बायकोनं पाठ करं शे, आते तू हाकले ओ दे."

सासू मात्र बोलेना. सासरे जाऊन बरीच वर्षं झाली होती. "त्या व्हतात तव्हय लिधं नही, आते कशी लेवू?" मी जोर केला नाही. म्हटलं, तुमचा अर्ज राहू द्या. चौथ्या दिवशी खडू घेऊन माझ्यापुढे बसली. "तोंडानी लेवाव नही. हातानी लिखसू. शिकाड."

दुपारी जेवणं झाली की स्वयंपाकघरातल्या काळ्या फरशीवर मी अक्षर काढायची, ती त्यावरून खडू फिरवायची. आधी तिचं स्वतःचं नाव, मग सासऱ्यांचं. त्यांच्या नावात एक जोडाक्षर आहे, ते काही केल्या जमेना. उठायची वेळ झाली की ती पदरानं फरशी पुसायची. मी म्हटलं, फडक्यानं पुसते मी. तर म्हणाली, "कोना पाय पडाले नको." तेवढ्यासाठी तिच्या तीन साड्यांचे पदर पांढरे झाले.

मुदतीच्या शेवटच्या आठवड्यात तेच साहेब आले. त्याच हॉलमध्ये. या वेळी खिडक्यांना बाहेरून पुरुष लागलेले होते, तमाशा बघायला. नानाही होते, दाराजवळच्या खुर्चीत.

साहेबांनी पहिलं नाव पुकारलं. नरडाण्यावाली इतक्या झटक्यानं उठली की शेजारणीच्या मांडीवरची पिशवी खाली पडली. "हजर!" आणि पूर्ण नाव. खणखणीत. खिडकीतून तिचा नवरा आपलं नाव ऐकून दचकला आणि सवयीनं ओरडला, "ओ!" सगळा हॉल हसला. साहेबही हसले. त्यांनी यादीवर खूण केली आणि दुसरं नाव पुकारलं. उत्तर आलं. तिसरं. आलं. सोनगीरवालीनं तर नवऱ्याच्या नावापुढे "मुक्काम सुरत" असंही जोडून दिलं. कोणी हळू बोललं, कोणी खाली बघून बोललं, एकीनं डोळे मिटून एका दमात सांगून टाकलं आणि धपकन बसली. पण बोलल्या सगळ्या. मध्ये एकदा साहेबांनीच एक आडनाव चुकीचं वाचलं, तर तीन बाया एकदम म्हणाल्या, "तसं नही साहेब, नीट वाचा."

शेवटचं नाव सासूचं. ती उठली. स्वतःचं नाव तिनं नीट सांगितलं. साहेब म्हणाले, "पतीचं नाव, आजी?"

सासू चालत टेबलापाशी गेली. तिनं हात पुढे केला. साहेबांना आधी कळेना, मग त्यांनी पेन दिलं आणि एक कोरा कागद सरकवला. तिनं उभ्या उभ्या वाकून लिहायला घेतलं. जोडाक्षरापाशी ती थांबली, पेन उचललं, पुन्हा टेकवलं. मला उठून जावंसं वाटत होतं. मी बसून राहिले. लिहून झाल्यावर तिनं कागद साहेबांकडे वळवला.

साहेबांनी तो कागद आणि अर्ज शेजारी शेजारी धरून पाहिले. "जुळतंय," ते म्हणाले आणि खूण केली.

नाना उठून निघून गेले. पुढच्या निवडणुकीत तिकीट मला मिळालं नाही, दुसऱ्या एका मेंबरसाहेबांच्या मिसेसना मिळालं. लोक म्हणाले अपक्ष उभ्या राहा. मी राहिले नाही. त्या दिवसांत आम्ही कार्यालयासाठी जागा बघत होतो.

आमच्या पतसंस्थेची नोंदणी झाली. मुख्य कार्यालय शिंदखेड्याला आहे, एक शाखा देवपूरला. सभासद बाया, संचालक बाया, कर्मचारी बाया. पहिलं कर्ज गिरणीच्या मोटरसाठी दिलं आणि ते वेळेवर फिटलं. आजपर्यंत एकाही कर्जाला आम्ही नवऱ्याची सही मागितलेली नाही.